जखम नाही, म्हणून?

इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला असताना एका मैत्रिणीनं मला कॅन्टीनमागच्या पायऱ्यांवर बसून तिच्याबाबतीत घडलेली एक गोष्ट सांगितली. माणूस ओळखीतलाच होता. तिचं सांगून झाल्यावर मी विचारलं, "मग तू ओरडली का नाहीस?" तिनं पाण्याच्या बाटलीचं झाकण लावलं आणि सबमिशनचा विषय काढला. नंतर त्यावर ती माझ्याशी कधीच बोलली नाही.

मला तो प्रश्न बरीच वर्षं साधा, तर्कशुद्ध वाटत होता. मग १९७८ चा सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल वाचला आणि तिथे तोच प्रश्न पुन्हा भेटला.

खटला देसाईगंजचा. आताचा गडचिरोली, तेव्हाचा चंद्रपूर जिल्हा. २६ मार्च १९७२ च्या रात्री एक आदिवासी मुलगी भावाच्या तक्रारीमुळे पोलीस ठाण्यात आली होती. डॉक्टरांच्या अंदाजानं वय १४ ते १६. जबाब झाल्यावर बाकीच्यांना बाहेर पाठवलं आणि तिला थांबवून घेतलं. त्यानंतर ठाण्यातल्या एका पोलिसानं बलात्कार केला आणि दुसऱ्यानं लैंगिक अत्याचाराचा प्रयत्न केला, असा तिचा आरोप होता. हा खटला देशभर तिच्या नावानं ओळखला जातो. मी ते नाव इथे लिहीत नाही.

१९७४ मध्ये सत्र न्यायालयानं दोघांना सोडलं. ती खोटं बोलते, तिला शरीरसंबंधांची सवय आहे, म्हणजे संमती असणार, असा एकूण सूर. १९७६ मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं हा निकाल फिरवला. पोलीस तिला अनोळखी होते, ती स्वतःहून पुढाकार घेईल हे शक्य नाही, आणि भीतीपोटी गप्प राहणं म्हणजे संमती नव्हे, असं त्यांचं म्हणणं. १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं दोघांना पुन्हा सोडलं. अंगावर जखमा नाहीत, म्हणजे प्रतिकार केल्याची गोष्ट खोटी. हात धरून नेलं तेव्हा तिनं सोबतच्यांना हाक मारली नाही, म्हणजे भीतीही नव्हती.

साक्ष तीच, वैद्यकीय अहवाल तोच. न्यायालयं तीन.

माझ्या कामात इनपुट तेच राहून आउटपुट बदललं, तर आम्ही डेटा पुन्हा पुन्हा तपासत बसत नाही. कुठेतरी लपलेली डीफॉल्ट व्हॅल्यू शोधतो. माहितीची जागा रिकामी असेल तिथे सिस्टिम न विचारता काय भरते, ते बघतो. इथे रिकामी जागा होती जखमांची. उच्च न्यायालयानं तिथे 'भीती' भरली, सर्वोच्च न्यायालयानं 'संमती'. पुराव्यानं यातलं काहीच स्वतःहून सांगितलं नव्हतं.

अपील न्यायालयाची अडचण मला समजते. साक्षीदार त्याच्यासमोर नसतो, असतात ती फक्त टाइप केलेली पानं. म्हणून साक्षीदाराला प्रत्यक्ष पाहिलेल्या न्यायाधीशाचं मत वजनदार मानतात. पण देसाईगंजच्या मुलीला प्रत्यक्ष पाहणाऱ्यानंच तिला खोटारडी ठरवलं आणि तिची परिस्थिती कळली ती कागद वाचणाऱ्यांना. नुसत्या पाहण्यानं समजतंच असं नाही.

दुसरी अडचण जास्त खरी आहे. आरोपी निर्दोष धरूनच सुरुवात करायची असते. एकदा सुटला की ते गृहीतक आणखी पक्कं होतं; पुराव्यातून दोन निष्कर्ष शक्य असतील, तर अपिलात सुटका सहसा कायम ठेवायची. मला हे तत्त्व हवंच आहे. उद्या माझ्या भावावर खोटा आरोप झाला, तर मी याच तत्त्वाला धरून बसेन.

पण इथे दोन वेगळी गृहीतकं एकमेकांत मिसळतात. 'सिद्ध होईपर्यंत आरोपी निर्दोष' हे सिद्ध करण्याची जबाबदारी कुणाची, ते सांगतं. 'ओरडली नाही तर तयार होती' हे माणसं कशी वागतात याबद्दलचं विधान आहे, आणि ते चूक आहे. भीतीनं माणूस गोठतो. पहिल्या तत्त्वाचा मान राखायला दुसऱ्याची गरज नाही. उलट दुसरं चुपचाप आत आलं, की 'दुसरा निष्कर्षही शक्य आहे' असं म्हणणं फार सोपं होतं.

१९७९ मध्ये उपेंद्र बक्षी, लतिका सरकार, रघुनाथ केळकर आणि वसुधा धागमवार यांनी सरन्यायाधीशांना खुलं पत्र लिहिलं. देशभर आंदोलन झालं. १९८३ मध्ये कायदा बदलला: पोलीस कोठडीसारख्या ठिकाणी शरीरसंबंध सिद्ध झाला आणि बाईनं संमती नव्हती असं सांगितलं, तर न्यायालयानं तसंच गृहीत धरायचं. म्हणजे डीफॉल्ट उघडपणे लिहून ठेवलं. २०१३ मध्ये आणखी एक ओळ आली: केवळ शारीरिक प्रतिकार केला नाही म्हणून संमती होती असं मानायचं नाही.

तरीही २०१७ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं एका अपिलात शिक्षा रद्द करताना म्हटलं, की ओळखीच्या, सुशिक्षित माणसांमध्ये क्षीण 'नाही'चा अर्थ काही वेळा 'नाही' असा होतोच असं नाही. कायदा बदलला होता. वाचणाऱ्याच्या मनातली रिकामी जागा तशीच होती.

ती जागा माझ्याही मनात होती. त्या पायऱ्यांवर माझ्यासमोर आरोपी नव्हता, कुणाला तुरुंगात पाठवायचं नव्हतं, संशयाचा फायदा कुणाला द्यायचा नव्हता. फक्त ऐकायचं होतं. तरी मी पहिल्यांदा शोधला तो तिच्याच वागण्यातला दोष. आता आमचं बोलणं वाढदिवसाच्या मेसेजपुरतं उरलंय. या वर्षी मी त्याखाली लिहिलं, "तेव्हा मी चुकीचा प्रश्न विचारला होता." दोन निळ्या टिका दिसतायत. उत्तर आलेलं नाही, आणि उत्तर द्यायची जबाबदारी तिची नाही.