देवमाशाचे गीत

वाचनासाठी : उत्पत्ति, अध्याय १, स्तोत्र १०४, योना, अध्याय ४



ज्या प्राण्यास आमच्या भाषेने देवमासा हे नाव दिले आहे, तो खरे पाहता मासा नव्हे. तो पाण्यावर येऊन हवेत श्वास घेतो, आणि त्याची मादी आपल्या पिलास अंगावर पाजते. तथापि नावातील पहिला शब्द मात्र खरा आहे. तो देवाचा आहे. ह्या देवमाशांपैकी हंपबॅक नावाची एक जात आहे. बुडी मारताना तो पाठ कुबडासारखी उंच करितो, म्हणून त्यास हे नाव पडले. त्याची लांबी ४५ ते ५० फूट व वजन सुमारे ३० टन असते.

गेल्या हंगामानंतर एका गावी उपासनामंदिराच्या अंगणात पडदा बांधून आम्ही मंडळीस ह्या प्राण्याविषयीचा एक चित्रपट दाखविला. तो ग्रेग मॅकगिलिव्हरे यांनी २०१५ साली तयार केला असून त्यातील चित्रे अलास्का, हवाई व टोंगा येथील समुद्रांत घेतलेली आहेत. भाषा इंग्रजी, म्हणून आम्ही बाजूस उभे राहून मराठीत सांगत होतो. देवमाशाचे प्रचंड धूड पाण्याबाहेर उसळले तेव्हा मुले ओरडली. परंतु त्याचे गाणे ऐकू आले तेव्हा अंगण शांत झाले. हे गाणे नर गातात. एक गाणे बहुधा १० ते २० मिनिटांचे असते आणि तेच ते तासन्‌तास पुन्हा गातात. एका समुद्रातील सर्व नरांचे गाणे एकच असते. काळाने ते बदलते, तेव्हा सर्वांचे बदलते.

खेळ संपल्यावर आम्ही उपदेश केला. म्हणालो की, पूर्वी मनुष्ये ह्या प्राण्यास तेलासाठी मारीत. मग त्यांनी त्याचे गाणे ऐकिले आणि त्यांस दया आली. तेव्हा एका म्हाताऱ्या बाईने विचारिले, “पाळकसाहेब, आणि तो गात नसता तर?” तिच्या शेजारी तिचा मुलगा बसला होता. तो जन्मापासून मुका व बहिरा आहे. आम्ही काहीतरी बोलून वेळ मारून नेली. पण तो प्रश्न आमच्याबरोबर घरी आला. आज त्याचे उत्तर देण्याचा यत्न करितो.

पहिली गोष्ट ही की, न ऐकणारा मनुष्य केवळ हिशेब करितो. विसाव्या शतकात एकट्या दक्षिण गोलार्धात दोन लक्षांहून अधिक हंपबॅक मारिले गेले. त्यांच्या चरबीचे तेल साबणास व खाण्याच्या कृत्रिम लोण्यास लागे. किती जनावरे मारावी हे ठरविण्यास राष्ट्रांनी एक माप केले होते. त्यात अडीच हंपबॅक म्हणजे एक निळा देवमासा धरीत. हे माप १९७२ पर्यंत चालले. बंधूंनो, ज्याची किंमत दुसऱ्याच्या दोनपंचमांश अशी लिहून ठेविली, त्याचे नाव कोण विचारील? आई पिलास टाकून जात नाही हे जाणून काही ठिकाणचे शिकारी आधी पिलावर भाला टाकीत, म्हणजे आई आपोआप हाती येई. आमच्या वाडवडिलांसही एके काळी लोकांनी कामाच्या हिशेबात धरिले आणि त्यांचा शब्द ऐकिला नाही, हे वाचकांपैकी पुष्कळांस ठाऊक आहे. म्हणून ही गोष्ट आम्हांस दूरच्या समुद्राची वाटू नये.

दुसरी गोष्ट ही की, नियम हात धरितो, पण मन पालटीत नाही. दक्षिणेकडील समुद्रांत १९६३ साली व उत्तर पॅसिफिकात १९६६ साली हंपबॅकची व्यापारी शिकार बंद ठरली. तरी सोव्हिएट रशियाची जहाजे चोरून मारीतच राहिली. दक्षिण गोलार्धात त्यांनी ४८,००० हून अधिक हंपबॅक मारिले आणि जगास तीन हजारांहून कमी आकडा कळविला. १९९३ नंतर त्याच देशाच्या शास्त्रज्ञांनी खऱ्या वह्या उघड केल्या. खोटा हिशेब कितीही खोल पुरिला तरी तो वर येतोच.

मन पालटले ते ऐकण्याने. बर्म्युडा बेटाजवळ अमेरिकन आरमाराचे फ्रँक वॉटलिंग्टन पाण्याखालील आवाज यंत्रावर टिपीत असत. त्यात ही गाणी सापडली. त्यांनी ती रॉजर पेन व केटी पेन ह्यांच्या हाती दिली. १९७० साली त्या गाण्यांची तबकडी निघाली आणि घरोघर वाजू लागली. १९७७ साली अंतराळात पाठविलेल्या व्हॉयेजर यानांवरील सोनेरी तबकडीतही मनुष्यांच्या अभिवादनांबरोबर हंपबॅकचे गाणे घातले आहे. १९८२ साली सर्वच मोठ्या देवमाशांची व्यापारी शिकार थांबविण्याचा ठराव राष्ट्रांनी केला, त्यामागे ही पालटलेली मनेही होती. अनेक समुद्रांत हा प्राणी पुन्हा वाढला आहे.

चित्रपटांनीही हे काम पुढे नेले. १९८६ साली लिओनार्ड निमॉय यांनी ‘स्टार ट्रेक’ ह्या मालिकेतील चौथा चित्रपट दिग्दर्शित केला. त्यातील कथा अशी की, तेविसाव्या शतकात पृथ्वीवर एकही हंपबॅक उरलेला नाही. आकाशातून एक यान येते व त्यांच्याच भाषेत हाक मारिते. उत्तर देणारा कोणी नसल्यामुळे सारी पृथ्वी संकटात पडते, आणि देवमासे आणण्यास मनुष्यांस मागच्या काळात जावे लागते. त्यातील बहुतेक देवमासे कारागिरांनी बनविलेले होते. पण कथेतील इशारा खरा आहे. आपण ज्याचा नाश करितो त्याला कोण हाक मारीत आहे, हे आपणांस ठाऊक नसते. पुढे २०२१ साली ‘फॅदम’ नावाचा माहितीपट निघाला. त्यात एलन गार्लंड व मिशेल फूर्ने ह्या दोन विदुषी समुद्रावर दिवसांमागून दिवस केवळ ऐकत बसलेल्या दिसतात.

आता म्हाताऱ्या आईचा प्रश्न. तो गात नसता तर? चित्रपट पडद्यावर सुंदर तेच आणितो. उडी, गाणे, आई व पिलू. ‘स्टार ट्रेक’ मध्येही मनुष्य देवमाशास शोधितो तो आपला जीव वाचावा म्हणून. मनुष्याची दया बहुधा अशीच असते. जे गोड लागते किंवा कामास येते त्यावर ती जडते. देवाची दया अशी नव्हे. उत्पत्तीचा पहिला अध्याय वाचून पाहा. पाचव्या दिवशी देवाने समुद्रातील मोठे प्राणी निर्माण केले, त्यांजकडे पाहून तो संतुष्ट झाला आणि त्यांस त्याने आशीर्वाद दिला. शास्त्रातील पहिला आशीर्वाद तो हाच. त्या दिवशी गाणे ऐकण्यास मनुष्य नव्हता व तेल काढण्यासही नव्हता. स्तोत्रकर्ता सांगतो की, महासागरातील प्रचंड प्राणी देवाने खेळण्यासाठी केला. योनाच्या पुस्तकाच्या शेवटच्या ओळीत देव निनवेतील अजाण जनांबरोबर तेथील गुराढोरांचीही आठवण करितो. तर किंमत गाण्यात नाही. ती निर्माणकर्त्याच्या दृष्टीत आहे.

उपदेशक बंधूंस येथे एक सूचना करितो. योनास गिळणारा हाच का, असे गावकरी विचारितात. शास्त्र केवळ मोठा मासा म्हणते, आणि हंपबॅकचा गळा अगदी अरुंद असून तो बारीक मासे व कोळंबीसारखे जीव खातो. शास्त्र जेथे थांबते तेथे आपणही थांबावे.

आमच्या अरबी समुद्रातही थोडे हंपबॅक आहेत. ते इतरांसारखे ध्रुवाकडे जात नाहीत. त्यांची संख्या १०० हून कमी मानितात, आणि ते अजून संकटात आहेत. २०१७ साली ओमानजवळ एका मादीच्या अंगी खूण बसविली. ती समुद्र ओलांडून हिंदुस्थानच्या किनाऱ्यापर्यंत आली. तिचे नाव लुबान, म्हणजे मागी लोकांनी बाळ येशूपुढे ठेविला तो ऊद. पडद्यावर क्वचितच येणारे हे जीवही देवाच्या गणतीत आहेत.

असो. आमचा दोष आम्ही झाकीत नाही. त्या म्हाताऱ्या बाईच्या मुलाचा बाप्तिस्मा झालेला आहे. पण प्रभुभोजनाच्या यादीत त्याचे नाव आम्ही कधी घातले नाही. कारण काय, तर त्यास प्रश्नोत्तरे तोंडाने देता येत नाहीत. आम्ही त्याच्या मुखातून गाण्याची वाट पाहत होतो. पुढच्या रविवारी आम्ही त्यांच्या घरी गेलो. आम्हांस दारात पाहून त्याने घरातील एकुलती एक खुर्ची अंगणात आणून ठेविली व आपण जमिनीवर बसला. मग भिंतीवरील वधस्तंभाच्या चित्राकडे बोट दाखवून त्याने तोच हात आपल्या छातीवर ठेविला. ह्याहून स्पष्ट कबुली आम्ही आजवर थोड्यांच्याच तोंडून ऐकिली आहे. हा विषय वडीलमंडळीपुढे आम्ही ठेविला आहे, आणि येत्या प्रभुभोजनाच्या वेळी तो मेजाशी असावा अशी आमची प्रार्थना आहे.

वाचकहो, तुमच्या मंडळीत मागच्या ओळीत कोण बसतो, ज्याचे गाणे अजून कोणी ऐकिले नाही? ह्या आठवड्यात त्याच्या घरी जा. बोलण्यास नव्हे, ऐकण्यास जा. जो अथांग समुद्राच्या तळचा स्वर ऐकितो, तो प्रभु आम्हांसही ऐकणारे कान देवो. आमेन.