जळताना काय जाते, काय येते

फ्लॉजिस्टन हा शब्द आज निघतो तो बहुधा विज्ञानाच्या इतिहासातली एक ढोबळ चूक म्हणून. प्रत्येक जळाऊ पदार्थात एक अग्नितत्त्व दडलेले असते, जळताना ते बाहेर पडते आणि मागे राख उरते, असे अठराव्या शतकातले रसायनज्ञ मानत. ऑक्सिजन सापडला आणि ही भाबडी समजूत संपली, असा या इतिहासाचा रूढ सारांश. माझ्या मते तो अपुरा आहे आणि अन्यायाचाही आहे. ज्या प्रश्नाला लाव्हाझिएने पुढे उत्तर दिले, तो प्रश्न नीट मांडला गेला तो याच कल्पनेमुळे.

जर्मन किमयागार बेखर याने सतराव्या शतकात जळाऊ पदार्थांत एक ‘स्निग्ध माती’ असते असे म्हटले होते. श्टालने १७०३ मध्ये बेखरचा ग्रंथ भाष्यासह पुन्हा छापला आणि त्या मातीला फ्लॉजिस्टन हे नाव रूढ केले. श्टालचे मोठेपण नावात नाही, तर त्याने कोणत्या गोष्टी एकत्र आणल्या त्यात आहे. शेंदूर हे शिशाचेच भस्म. तो लोणारी कोळशाच्या पुडीत कालवून मुशीत तापवला, की तांबडा रंग जातो आणि तळाशी शिशाचा चकचकीत थेंब जमतो. श्टालच्या भाषेत, भस्म होताना शिशाने फ्लॉजिस्टन गमावले होते. कोळशात ते भरपूर, म्हणून त्याने ते परत दिले. लाकडाचे जळणे, लोखंडाचे गंजणे, भट्टीत खनिजापासून धातू निघणे, ही सगळी एकाच व्यवहाराची रूपे ठरली, आणि हा व्यवहार उलटा फिरवता येतो हेही स्पष्ट झाले. ही जुळणी बरोबरच होती. आपल्या रसशास्त्रालाही ही क्रिया परिचित होती: भस्म पुरते ‘मेले’ आहे की नाही हे पाहायला ते गूळ, तूप, मध, गुंजा आणि टाकणखार या मित्रपंचकाबरोबर तापवत, आणि धातू परत उठला तर भस्म कच्चे ठरवत. गूळ-तूप तिथे कोळशाचेच काम करतात. तिथे ती भस्माची कसोटी होती. श्टालने तिच्यात सर्व ज्वलनाचा सिद्धांत पाहिला.

यावर पहिला आक्षेप उघड आहे. काही निघून गेले असेल, तर भस्म धातूपेक्षा जड कसे? हा आक्षेप नवा नव्हता. कथील भस्म होताना जड होते आणि ते वजन हवेतून येते, असे फ्रेंच वैद्य झाँ रे याने १६३० मध्येच लिहिले होते. बॉइलला वाटले, बंद काचपात्रात धातू तापवताना आगीचे कण काचेतून आत शिरत असावेत. १७७२ मध्ये गितों द मोर्व्होने काळजीपूर्वक तोलून वजनवाढ निर्विवाद केली, तरी फ्लॉजिस्टन सोडले नाही. म्हणून या लोकांना हट्टी म्हणणे सोपे आहे. पण त्यांच्या दृष्टीने पदार्थाची ओळख त्याच्या गुणांत होती: चमक, लवचीकपणा, जळाऊपणा. वजन ही त्यातली एक बाब, आणि तीही दुय्यम. पुरावा समोर असून चालत नाही. तो कशाचा पुरावा आहे हेही ठरावे लागते, आणि ते अजून ठरले नव्हते.

ते ठरवले लाव्हाझिएने. प्रीस्टलीने १७७४ च्या ऑगस्टमध्ये पाऱ्याच्या लाल भस्मावर भिंगाने ऊन एकवटून एक वायू मिळवला. त्यात मेणबत्ती झगझगीत जळाली. फ्लॉजिस्टन शोषायला आतुर असलेली हवा, असा अर्थ त्याने लावला, आणि त्याच्या चौकटीत तो चुकीचा नव्हता. लाव्हाझिएने तोच पारा बंद जागेत कोंडला. बकपात्रात चार औंस पारा, वर सुमारे पन्नास घनइंच हवा, आणि बारा दिवस सतत आच. दुसऱ्या दिवशी पाऱ्यावर तांबडे ठिपके तरंगू लागले. शेवटी हवा बेचाळीस-त्रेचाळीस घनइंचांवर आली आणि उरलेल्या हवेत मेणबत्ती विझू लागली. जमलेले ४५ ग्रेन लाल भस्म अधिक आचेवर तापवले, तर साडेएकेचाळीस ग्रेन पारा आणि सात-आठ घनइंच वायू मिळाला: जेवढी हवा आटली होती, जवळपास तेवढाच. गेलेले आणि आलेले असे दोन्ही रकान्यांत जुळले. इथे फ्लॉजिस्टन खोटे ठरले असे म्हणण्यापेक्षा, त्याला लिहायला रकानाच उरला नाही असे म्हणणे अधिक नेमके होईल.

मग सत्य म्हणजे केवळ हिशेबाची पद्धत बदलणे का, असे कोणी विचारील. नाही. नवा हिशेब तोलून पडताळता येत होता, जुना नाही. हा फरक आवडीनिवडीचा नव्हे. पण विजेत्याच्या हिशेबातही जुनी बाकी शिल्लक होती, आणि हे मला सर्वांत महत्त्वाचे वाटते. ज्वाळेतली उष्णता येते कुठून? लाव्हाझिएचे उत्तर: ऑक्सिजन वायूत ‘कॅलॉरिक’ नावाचे वजनरहित उष्णताद्रव्य असते, जळताना ते मोकळे होते. म्हणजे अग्नितत्त्व गेले नव्हते. लाकडातून निघून हवेत राहायला आले होते. ऑक्सिजन या नावाचा अर्थही आम्ल घडवणारा, आणि ती समजूतही हायड्रोक्लोरिक आम्लात ऑक्सिजन नसल्याचे डेव्हीने १८१० मध्ये दाखवल्यावर कोसळली. मराठीतला प्राणवायू निदान त्या चुकीपासून मुक्त आहे. लाव्हाझिएच्या १७८९ च्या ग्रंथात तेहतीस मूलद्रव्यांची यादी आहे. तिच्यात पहिला प्रकाश, दुसरे कॅलॉरिक, आणि ऑक्सिजन तिसरा.