संचित रजा

दिवाळीचा फराळ समोर असताना तुरुंगाची गोष्ट काढू नये, असा संकेत आहे. परंतु सणाला घरातले माणूस येईल की नाही, हे ज्या घरांना सरकारी कागदावरून कळते, ती घरेही आपल्याच गावांत आहेत.

शिक्षा भोगणाऱ्या कैद्याला आपल्याकडे दोन प्रकारची रजा मिळू शकते. तिचे नियम जुन्या मुंबई राज्याने १९५९ साली केले. पुढे त्यांत दुरुस्त्या झाल्या. आई अत्यवस्थ आहे, घरात लग्न निघाले आहे, अशा कारणासाठी मिळते ती पॅरोल, सरकारी मराठीत ‘अभिवचन रजा’. दुसरी फर्लो. तिला ‘संचित रजा’ म्हणतात. हे नाव ज्याने योजले तो जाणता असला पाहिजे! हिला कारण लागत नाही. ठराविक काळ शिक्षा भोगली, वर्तन नीट ठेवले, की ती गाठीशी जमते; आणि घरी काढलेले हे दिवस शिक्षेतच धरले जातात. पळू पाहणारा किंवा मागच्या रजेवरून वेळेवर न परतलेला मात्र तिला मुकू शकतो. आम्हा मास्तरांना कारण न लिहिलेला रजेचा अर्ज उद्धट वाटतो. येथे राज्यच म्हणते, माणसाला घर आहे एवढे कारण पुरे.

पण त्याच नियमांतला सतरावा नियम बजावतो की, यातून कैद्याला कायदेशीर हक्क मिळाला असे समजू नये. फर्लो हा निरपवाद हक्क नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयानेही २००६ साली आणि पुन्हा २०२१ साली सांगितले. मला ते पटते. ज्या आळीत खून झाला, त्याच आळीत मृताची विधवा राहत असते. लक्ष्मीपूजनाच्या संध्याकाळी समोरच्या ओट्यावर तो आकाशकंदील टांगताना तिला दिसावा काय? कैद्याविषयी कळवळ्याने लिहिणाऱ्यांनी आधी तिच्या दारात उभे राहून यावे.

तिच्या भीतीपायी रजा नाकारली, तर मी तक्रार करणार नाही. पण पुष्कळदा तिला कोणी विचारलेलेच नसते. ‘सार्वजनिक शांततेस बाधा येण्याचा संभव’ एवढे एक वाक्य अहवालात येते. कोणाला, कशावरून, याचा पत्ता नसतो. ती भीती विधवेची नसते, साहेबाची असते. रजा दिली आणि कैदी पळाला, तर साहेबाची मान अडकते. नाकारली, तर कोणी हूं की चूं करीत नाही. मग नकारच सोयीचा.

उच्च न्यायालयात विचारला जातो तो नेमका हा जाब. न्यायमूर्ती दयेने रजा वाटत नाहीत. नकाराला कारण आहे काय, आणि ते याच माणसाला लागू पडते काय, एवढे ते पाहतात. ज्या न्यायाधीशाने शिक्षा दिली, त्याने भर दरबारात पानेच्या पाने कारणे लिहिली होती; त्याच शिक्षेत भर घालणारा एका ओळीत कसा सुटेल?

शिवाय ‘हो’ आणि ‘नाही’ यांच्यामध्ये वाट असते. आपल्या गावी जाऊ नकोस, दुसऱ्या तालुक्यात बहिणीकडे राहा, ठाण्यावर हजेरी दे, असे सांगता येते. बहीण जामीन राहते. भाऊबीज तिच्याकडेच होते, आणि ठरल्या दिवशी भावाला वेळेवर गाडीत बसवून देण्याची काळजी पोलिसांपेक्षा तिलाच अधिक असते.