भुकेचा अधिकार

चार्ली चॅप्लिनचा १९१८ सालचा 'अ डॉग्ज लाइफ' हा तीन रिळांचा विनोदी मूकपट घटकाभर करमणूक म्हणून पाहणाऱ्यासही, सर्वाभूती एकच आत्मा मानणाऱ्या माणसाने भुकेल्या जीवाशी कसे वागावे, हा आपल्या धर्मातील जुना प्रश्न पडल्यावाचून राहत नाही. नोकरीच्या कचेरीत प्रत्येक खिडकीपाशी इतर बेकार चार्लीस मागे सारून पुढे घुसतात, आणि रिकाम्या हातांनी तो रस्त्यावर येतो तोच दांडग्या कुत्र्यांचा घोळका एका दुबळ्या कुत्र्यावर तुटून पडलेला त्यास दिसतो. त्या जीवास तो उचलून पळतो. पुढे बाटलीच्या तळाशी उरलेल्या दुधापर्यंत कुत्र्याचे तोंड पोहोचत नाही, तेव्हा चार्ली त्याचीच शेपटी दुधात बुडवून ती त्यास चाटावयास देतो. प्रेक्षक हसतात, आणि हसावेच. परंतु ज्याच्यापाशी स्वतःपुरतेही अन्न नाही त्याच्या हातून हे दान घडते आहे, हे त्या हास्यात विसरले जाऊ नये.

भाकर पळविणाऱ्या कुत्र्यामागे तुपाची वाटी घेऊन धावणारे नामदेव महाराजही पाहणाऱ्यास असेच हास्यास्पद दिसले असतील. कुत्र्यास सोडून स्वर्गात यावयाचे नाकारणाऱ्या युधिष्ठिराचा हट्टही व्यवहारदृष्ट्या अनाठायीच होता. परंतु कुत्र्याची योग्यता काय, ही चौकशी या दोघांनीही केली नाही. भूक आणि आश्रय हाच त्यांनी पुरेसा हक्क मानला.

आमच्या अलिबाग तालुक्यात चौलच्या डोंगरावर दत्तजयंतीस मोठी यात्रा भरते. दत्तमूर्तीच्या पायाशी असणाऱ्या चार श्वानांस आपण भक्तिभावाने हात जोडतो, ते चार वेद होत असे मुलांस सांगतो, आणि पायऱ्यांवर मिठाईच्या दुकानापाशी घुटमळणाऱ्या जिवंत कुत्र्यास मात्र हाड् म्हणून हाकलतो. वेदांचे ते प्रतीक मला मान्य आहे. पण प्रतीकाचा आधार घेऊन प्रत्यक्ष प्राण्याची जबाबदारी टाळणे ही धर्माची फसवणूक होय. वैश्वदेवात गृहस्थाने स्वतः जेवण्यापूर्वी श्वानाचा वाटा काढून ठेवावा, असे शास्त्रकारांनी सांगितले ते अन्न उरते म्हणून नव्हे.

येत्या मार्गशीर्षी पौर्णिमेस चौलचा डोंगर चढणाऱ्या प्रत्येक भाविकास माझी विनंती आहे की, शिदोरी सोडताना पहिली चतकोर भाकर वाटेवरच्या कुत्र्यास घालावी, आणि मगच आपण जेवावे.