संप आणि स्वधर्म

कीर्तन आटोपून मी पागोटे उतरवीत होतो, तो एक माळकरी आजी पुढे आल्या. म्हणाल्या, "महाराज, माझा लेक एस.टी.त चालक. 2021 साली तोही संपात होता. गाड्या बंद, म्हणून माझी कार्तिकी चुकली. आता सांगा, दोष लेकाला देऊ का?" त्या रात्री मला उत्तर सुचले नाही. पुढे बरेच दिवस विचार केला, तो आज मांडतो.

सज्जनहो, आधी हकीकत पाहू. करोनाच्या काळात एस.टी. कर्मचाऱ्यांचे पगार रखडले. ऑक्टोबर 2021 च्या अखेरीस काम बंद होऊ लागले, आणि महामंडळ शासनात विलीन करा, ही मागणी पुढे आली. कार्तिकी एकादशी होती 15 नोव्हेंबरला. त्याच महिन्यात शासनाने पगारवाढ जाहीर केली, तरी संप मिटला नाही. शेवटी एप्रिल 2022 मध्ये उच्च न्यायालयाने 22 तारखेपर्यंत हजर व्हावे असे सांगितले, तेव्हा कामगार परतले.

आता कोणी म्हणेल, फळाची आशा न धरता कर्म करावे असे गीता सांगते. मग पगारासाठी काम सोडणे हा अधर्मच! बाबांनो, फळाची आसक्ती सोडणे वेगळे आणि घामाचे दाम बुडू देणे वेगळे. पहिले साधकाने स्वतःपुरते साधायचे असते. धन्याने चाकराला ते शिकवायचे नसते. मनूने व्यवहाराची 18 पदे सांगितली, त्यांत वेतन न देणे हे एक पद आहे. कौटिल्याने वेतन घेऊन काम न करणाऱ्या चाकराला दंड सांगितला, तसा वेतन बुडविणाऱ्या धन्यालाही सांगितला. तराजू दोघांना एकच.

मग वाटेल तेव्हा चाक थांबवावे काय? तसेही नाही. दोघांच्या भांडणात तिसरा उभा असतो. फाट्यावर बाळंतीण असते, परीक्षेचा पोरगा असतो, आपला वारकरी असतो. त्याने कोणाचा पगार अडविलेला नसतो. म्हणूनच 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्याने लोकोपयोगी सेवेत संपापूर्वी नोटीस देणे आणि नंतर 14 दिवस थांबणे बंधनकारक केले. नोटीस आली की समेटाचे काम सुरू करणे अधिकाऱ्यावरही बंधनकारक होते. थोडक्यात, हात थांबविण्याआधी तोंड उघडावे, आणि समोरच्याने कान उघडावे.

दोन्ही बाजू ताणीत बसल्या की काय होते, ते मुंबईने पाहिले. 18 जानेवारी 1982 ला गिरणी संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात होते. संप मागे घेतल्याची घोषणा कधी झालीच नाही. पुढे कित्येक गिरण्या बंद पडल्या आणि कामगार गावी परतले. मागणी खरी असो वा खोटी, ती मागायला दारच उरले नाही.

तेव्हा माझ्या अल्पमतीला सुचते ते असे. काम चालू ठेवण्याचा भार आधी त्याच्यावर, ज्याच्या हाती थैली आहे. त्याने वेळेवर पगार द्यावा, बोलावले की बसावे, संप मिटल्यावर सूड धरू नये. कामगाराने आधी सांगून थांबावे, गाडीवर दगड टाकू नये, कामावर जाणाऱ्या भावाला मारू नये. आणि अर्धे पदरात पडले तर उरलेल्या अर्ध्यासाठी गाडी किती दिवस उभी ठेवायची, हे मनाला विचारावे.

आणि आपण? आपल्यातले 65 वर्षांवरचे अर्ध्या तिकिटात वर्षानुवर्षे फिरलो. पण ज्याने रात्रभर जागून पंढरीस पोचविले, त्याला "पगार झाला का रे बाबा?" असे कधी विचारले? मीही नाही विचारले.

आजी, तुमची वारी चुकली, ते दुःख खरेच आहे. पण लेकाला एकट्याला दोष देऊ नका. त्याने हाक मारली, तेव्हा ज्यांनी ऐकायचे त्यांनी उशीर केला. आणि ते ऐकू लागले, तेव्हा इकडूनही परतायला उशीर झाला. या दोन्ही उशिरांची किंमत तुमच्या वारीने भरली. पुढच्या कार्तिकीला लेकाच्याच गाडीत बसा, आणि उतरताना त्याला पगाराचे विचारा.

रामकृष्णहरि.