टाळ्या पुरे झाल्या

पुस्तकं मिटा आणि माझ्याकडे बघा. आज व्याकरण होणार नाही. कालच्या महिला दिनाच्या कार्यक्रमाबद्दल मला बोलायचं आहे, आणि ते संपेपर्यंत मागच्या बाकावरून हूं की चूं ऐकू येता कामा नये.

कालची भाषणं मी शब्दन् शब्द ऐकली. स्त्री ही शक्ती आहे, स्त्री ही त्यागाची मूर्ती आहे, तिच्याशिवाय जग अधुरं आहे. चार-चार जणांच्या तोंडी तीच वाक्यं, त्याच क्रमाने. मोबाइलवरून उतरवून आणलेली भाषणं मला ओळखू येतात. एकाने तर ठणकावून सांगितलं, की डॉ. आनंदीबाई जोशी मायदेशी परतल्या आणि त्यांनी हजारो रुग्णांना बरं केलं. सपशेल खोटं! १८८६ मध्ये अमेरिकेत पेनसिल्व्हेनियाच्या महिला वैद्यकीय महाविद्यालयातून त्या डॉक्टर झाल्या. कोल्हापूरच्या दवाखान्यात त्यांची नेमणूकही ठरली होती. पण क्षयाने त्यांना घेरलं होतं. २६ फेब्रुवारी १८८७ रोजी पुण्यात त्या गेल्या, तेव्हा त्यांना बावीस वर्षंही पूर्ण झाली नव्हती. एका रुग्णाची नाडी बघायलाही नियतीने त्यांना इथे उसंत दिली नाही. ज्या बाईचा गौरव करायला उभे राहता, तिच्याविषयी दोन पानं वाचायचे कष्ट घ्यायचे नाहीत, ही तिची हेळसांड आहे. याद राखा, पुन्हा माझ्यासमोर असलं उसनं भाषण चालणार नाही.

आता दुसरी गोष्ट. मुलग्यांनो, उभे राहा. सगळे. कार्यक्रम संपला, फोटो काढून झाले आणि तुम्ही दप्तरं पाठीला लावून मैदानावर पळालात. सभागृहातल्या सतरंज्या कोणी झटकल्या? पाहुण्यांचे चहाचे कप नळावर नेऊन कोणी विसळले? सांडलेली फुलं आणि कागद कोणी झाडून काढले? मुलींनी. त्यांच्याच गौरवाचा कार्यक्रम आणि खरकटंही त्यांनीच काढायचं! तुम्हाला कोणी अडवलं नव्हतं. केरसुणी सगळ्यांच्या डोळ्यांसमोर भिंतीला टेकलेली होती. ती उचलणं आपलं काम आहे असं तुमच्यातल्या एकाच्याही मनात आलं नाही, याची मला चीड आहे.

सावित्रीबाईंवर शेण फेकलं, हे तुम्ही दरवर्षी सांगता. फेकणारे कोण होते, याचा विचार केलात कधी? चांगल्या घरातली, सणवार पाळणारी, शेजारपाजारची माणसं होती ती. बाईने पायरी सोडून वागू नये एवढंच त्यांचं म्हणणं होतं. मागच्या आठवड्यात याच वर्गात एक मुलगी फळ्यावर गणित सोडवताना अडली, तेव्हा तुम्ही खिदळलात. मुलगा अडला की असे खिदळत नाही तुम्ही. पुतळ्याला हार घातला म्हणून माणूस सावित्रीबाईंच्या बाजूचा होत नाही. शेजारच्या बाकावरच्या मुलीशी तो कसा वागतो, त्यावर ते ठरतं. बसा.

मुलींनो, तुम्ही गालात हसू नका. तुमचाही हिशेब बाकी आहे. काल ज्या भाषणाला सगळ्यांत जास्त टाळ्या पडल्या, ते तुमच्यातल्या एकीने लिहिलं होतं. तिचं अक्षर मी ओळखते. वाचलं मात्र मुलाने. मी विचारलं तर म्हणे, ‘बाई, त्याचा आवाज मोठा आहे.’ लिहिलेलं तुझं, विचार तुझा आणि मंचावर दुसरा? १८५५ साली मुक्ता साळवे तुमच्याच वयाची होती. मातंग समाजातली, जोतिराव-सावित्रीबाईंच्या शाळेत शिकणारी पोर. तिने मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला, धर्माच्या नावाने माणसांना तुडवणाऱ्यांना थेट जाब विचारला, आणि तो ‘ज्ञानोदय’मध्ये तिच्या नावाने छापून आला. तिच्या मागे ना पैसा होता, ना कुणाचा वशिला. आणि तुम्हाला माइकसमोर उभं राहायला संकोच वाटतो?

रखमाबाईंचं नाव तुमच्यातल्या दोघींनी घेतलं. त्या डॉक्टर झाल्या, एवढंच सांगून खाली बसलात. त्याआधी काय घडलं ते का नाही सांगितलं? अकराव्या वर्षी त्यांचं लग्न लावून दिलं होतं. मोठ्या झाल्यावर नवऱ्याकडे नांदायला जायला त्यांनी नकार दिला. नवऱ्याने १८८४ मध्ये मुंबईच्या उच्च न्यायालयात दावा लावला. १८८७ मध्ये कोर्टाने बजावलं, नवऱ्याच्या घरी जा, नाहीतर सहा महिने तुरुंगात जा. तुरुंगात जाईन, पण नांदायला जाणार नाही, असं त्यांनी ठणकावलं. ‘केसरी’ वर्तमानपत्रासकट मोठमोठी माणसं विरोधात उभी असताना ही विशीतली बाई मागे हटली नाही. पुढच्या वर्षी दोन हजार रुपयांवर तडजोड झाली, तेव्हा तुरुंगात न जाताच त्या खटल्यातून सुटल्या. मग इंग्लंडला जाऊन डॉक्टर झाल्या आणि सुरत, राजकोटला त्यांनी अनेक वर्षं बायकांवर उपचार केले. त्यांची पदवी तुम्ही सांगता आणि त्यांचा नकार गाळता. मुलींनो, तुम्हाला शिकायला हवा तो नकार! अकरावीला कोणती शाखा घ्यायची असं विचारलं, तर तुमच्यातल्या निम्म्या जणी म्हणतात, ‘दादा ठरवेल.’ डोकं तुमचं, आयुष्य तुमचं. घरच्यांचा सल्ला जरूर घ्या, पण निर्णय दुसऱ्याच्या हाती सोपवून स्वस्थ बसायचं नाही.

आता घरात डोकवा. २०१९ साली सरकारने देशभर पाहणी केली, की माणसं दिवसाचे तास कुठे घालवतात. शंभरातले जेमतेम २६ पुरुष घरकामाला हात लावतात असं दिसलं. जे लावतात त्यांची रोजची सरासरी ९७ मिनिटं. बायकांची २९९, म्हणजे पाच तासांना एक मिनिट कमी. ‘माझी आई थोर आहे’ असं काल गहिवरून बोललात ना? त्या थोर आईने सकाळी तुमचा डबा भरला, तुमचा गणवेश धुतला, आणि तुम्ही जेवून उठलात ते ताट तिथेच ठेवून. आईला देवी केलं की तिचं काम वाटून घ्यावं लागत नाही, ही सोय तुम्ही फार लवकर शिकलात. मला ती मोडायची आहे.

म्हणून हा गृहपाठ, मुलामुलींना सारखाच. आठवडाभर घरात पहाटेपासून रात्रीपर्यंत कोण कोणतं काम करतं, ते वेळेसकट वहीत लिहायचं. त्यातलं एक काम आजपासून तुमचं, कायमचं. वहीवर आईची सही हवी. दुसरं, घरच्या शेताचा सातबारा किंवा घराचा उतारा मागून बघायचा आणि त्यावर किती बायकांची नावं आहेत, ते लिहून आणायचं. हिंदू कुटुंबाच्या वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला मुलाइतकाच वाटा असल्याचा कायदा महाराष्ट्राने १९९४ मध्ये केला, साऱ्या देशाला तो २००५ मध्ये लागू झाला. तरी माहेर तुटेल या धाकाने बहिणी हक्कसोडपत्रावर मुकाट्याने अंगठा नाहीतर सही करतात, आणि भाऊ साडीचोळी देऊन मोकळे होतात.

मुलग्यांनो, आणखी दहा-पंधरा वर्षांनी तो हक्कसोडपत्राचा कागद तुमच्याही घरात येईल. वडील म्हणतील, मामा म्हणतील, गावचे चार शहाणे म्हणतील, ‘ताईची सही घेऊन टाक.’ त्या दिवशी ‘ताईचा वाटा ताईच्या नावावर चढेल’ एवढं एक वाक्य मान वर करून बोललात, तर मी तुम्हाला काही शिकवलं असं मानेन. ते जमणार नसेल, तर पुढच्या वर्षी महिला दिनाच्या मंचावर चढू नका.