‘बरंय की’ म्हणणाऱ्याला काय विचारावं

औशाच्या किंवा मुखेडच्या एखाद्या गावात आशाताईने ‘कसं काय दादा?’ म्हटलं, की उत्तर ठरलेलं: ‘बरंय की’. मग ती ओसरीवर टेकते, पाणी पिते आणि हळूच विचारते, ‘झोप लागते का? कामात जीव लागतो का?’ २०१५ साली राज्य सरकारने शेतकऱ्यांसाठी प्रेरणा प्रकल्प सुरू केला. लातूर-नांदेडसह १४ आत्महत्याग्रस्त जिल्ह्यांत असं घरोघरी विचारायचं ठरलं.

श्रद्धाळू घरात इथे एक खरा पेच पडतो. दुःख हा प्रारब्धाचा भोग असेल, तर असे प्रश्न विचारून ते कागदावर मोजायचं कशाला? भोगून संपवायचं. कुणी ‘बाहेरचं झालंय’ म्हणून देवऋषीकडे नेतो, कुणी नामस्मरण वाढवायला सांगतो. खचलेल्या माणसाला मग आणखी एक अपराध चिकटतो: आपली भक्तीच कमी पडली.

पण ज्या ग्रंथावरच्या टीकेचं पारायण गावोगावच्या सप्ताहात होतं, त्या गीतेची सुरुवातच एका खचलेल्या माणसापासून होते. अर्जुनाचं अंग कापतं, तोंडाला कोरड पडते, त्वचेचा दाह होतो, गांडीव हातातून गळतं, उभं राहवत नाही. हे सगळं तो स्वतः बोलून दाखवतो आणि कृष्ण मध्ये एका शब्दाने अडवत नाही. नंतर कृष्ण त्याला फटकारतो: हे दुबळेपण सोड, ऊठ. त्याचा उपयोग होत नाही. ‘लढणार नाही’ म्हणून अर्जुन गप्प बसतो. खरा संवाद सुरू होतो तो त्यानंतर. ‘मन घट्ट कर’ हा आपल्याकडचा सर्वात स्वस्त सल्ला गीतेतही पहिल्याच फटक्यात हरलेला आहे, हे कीर्तनात ठासून सांगायला हवं. विचारणं आणि ऐकून घेणं श्रद्धेच्या आड येत नाही.

मोजमापाच्या मर्यादा मात्र ओळखाव्यात. जगभर वापरली जाणारी पीएचक्यू-९ ही प्रश्नावली गेल्या दोन आठवड्यांबद्दल ९ प्रश्न विचारते. प्रत्येकाला ० ते ३ गुण, एकूण २७. साधारण १० किंवा त्याहून जास्त गुण झाले की नीट तपासणी करायची. आकडा म्हणजे निदान नव्हे. सोयाबीन हातचं गेलं आणि सावकार दारात उभा राहिला, तर कुणाचीही झोप उडेल. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारी परिसरातल्या भूकंपात जवळपास दहा हजार माणसं गेली. तिथल्या शोकाला सरसकट आजार म्हणणं हा मेलेल्यांचाही अपमान झाला असता. तरी त्या शोकातून काहींना पुढे उठताच येत नाही. त्यांना ‘काळ हेच औषध’ सांगून सोडून देणं ही निव्वळ क्रूरता आहे.

नववा प्रश्न मरणाच्या विचारांचा. असं विचारलं तर नको तो विचार डोक्यात भरेल, ही भीती खोटी आहे. उलट बोलायला वाट मिळते. तिथे ‘हो’ आलं, तर बेरजेची वाट न पाहता त्याच दिवशी मदत मिळायला हवी. विल्सन आणि युंगनर यांनी जागतिक आरोग्य संघटनेसाठी १९६८ सालीच लिहून ठेवलं होतं, की आजार शोधायला अशी सरसकट चाळणी लावायची तर निदान-उपचाराची सोय हवी. माहूर-किनवटहून नांदेडचं सरकारी रुग्णालय गाठायचं तर मजुराचा अख्खा दिवस मोडतो आणि रोज बुडतो. १४४१६ हा टेलिमानस या मानसिक आरोग्य सेवेचा मोफत क्रमांक दिवसरात्र चालतो, पण गोळ्या सुरू झाल्यावर दर महिन्याला बघणारा डॉक्टर तालुक्यालाच बसायला हवा.